पाशांची तुर्कस्तानला पत्रं

नववीच्या इतिहासाच्या पुस्तकात तुर्कांच्या वाट्याला एकच ओळ आली होती. १४५३ साली त्यांनी कॉन्स्टँटिनोपल घेतलं आणि म्हणून युरोपवाल्यांना हिंदुस्थानाकडे यायला समुद्राची वाट शोधावी लागली, एवढीच. बाकीच्या शाळांत ही ओळ एका दमात संपत असावी. आमच्याकडे ती जूनमध्ये सुरू व्हायची आणि गणपती उठले तरी चालूच असायची.

ह्याला कारण आमचे इतिहासाचे सर. भवानीनगरात त्यांना सगळे पाशा म्हणत. समोर कोणी म्हणत नसे, पण त्यांना ते ठाऊक होतं आणि त्यांची तक्रार वेगळीच होती. "पाशा म्हणजे फार वरची पदवी," ते मला एकदा स्टाफरूममध्ये गंभीरपणे म्हणाले, "प्रांताचा सुभेदार, नाहीतर सेनापती. माझी लायकी फार तर कारकुनाची. लोकांनी निदान हुद्दा तरी तपासून घ्यावा."

नव्वदच्या दशकातली ही गोष्ट. मी त्या शाळेत इंग्रजी शिकवायला नुकती लागले होते. शेळगावाहून रोज एस.टी.ने यायचे. सरांची निवृत्ती जवळ आली होती. पांढरा सदरा, खिशाला दोन पेनं, आणि बोलताना उजवा हात हवेत धरून ठेवायची सवय. वाक्य पूर्ण झाल्याशिवाय तो हात खाली यायचा नाही, आणि त्यांची वाक्यं लांब असत.

ती एक ओळ ते कशी शिकवत, हे मी पहिल्याच पावसाळ्यात पाहिलं. वेढ्याच्या वेळी बंदराच्या तोंडाला भलीमोठी साखळी बांधलेली होती, जहाजं आत शिरू नयेत म्हणून. तर त्या एकवीस वर्षांच्या सुलतानानं जहाजं पाण्याबाहेर काढली, चरबी लावलेल्या लाकडांवरून टेकडीपलीकडे ओढत नेली आणि साखळीच्या आतल्या बाजूला पाण्यात सोडली. हे पोरांना नुसतं सांगून भागेना. मग सरांनी एका गुऱ्हाळातून जुनी काहील आणवली. काहील म्हणजे उसाचा रस आटवायची ती अवाढव्य लोखंडी कढई. मैदानावर बाभळीचे ओंडके मांडले, त्यांना ट्रॅक्टरचं ग्रीस फासलं, काहिलीत सैन्य म्हणून दोन पोरी बसवल्या आणि सगळी नववी दोराला लावली. काहील हलेना, हलेना, आणि हलली ती अशी की उताराला लागून थेट मुख्याध्यापकांच्या गुलाबाच्या वाफ्यात जाऊन थांबली. पोरी सुखरूप होत्या. गुलाब नव्हते.

मुख्याध्यापक धावत बाहेर आले. "सर, हे काय आहे?"

"शहर पडलं, सर," पाशा म्हणाले.

त्या वर्षी सहामाहीला दोन मार्कांच्या प्रश्नाला पोरांनी तीन-तीन पानं लिहिली. तपासताना सर एकटेच हसत होते.

हे वेड त्यांना लागलं कसं, असं मी विचारलं तेव्हा ते मला घरी घेऊन गेले. साखर कारखान्याच्या वस्तीलगत दोन खोल्या, पुढे अंगण आणि अंगणात शेवगा. शेवग्यापासून खिडकीपर्यंत एक तांब्याची तार ताणलेली होती. ती रेडिओची. संध्याकाळी लघुलहरींवर तुर्कस्तानचा इंग्रजी कार्यक्रम लागायचा आणि सर तो गेली कित्येक वर्षं न चुकता ऐकत होते. फक्त काकूंनी, म्हणजे सरांच्या बायकोनं, त्या तारेवर लुगडं वाळत घातलं की तुर्कस्तान गायब व्हायचं.

"ह्यांचं सासर हाय तिकडं," काकू म्हणाल्या. "माझ्या माहेरी येवढ्या वर्सांत दोनदा आले, पर तिकडं रोज जात्यात."

सर कार्यक्रम ऐकत आणि एकेका वाक्याचं मराठी करून काकूंना मोठ्यानं सांगत. काकूंना त्यात काडीचा रस नव्हता. तरी सर एक वाक्य गाळत नसत. गाळणं म्हणजे त्यांच्या लेखी अप्रामाणिकपणा.

सुलतान, लढाया, तह हे सगळं त्यांना मुखोद्गत होतं, पण खरा जीव अडकला होता तो मागे काय उरलं ह्यात. ते म्हणायचे, "सुलतान गेला, खिलाफत गेली, पगड्या गेल्या. लिपीसुद्धा गेली, नातवाला आजोबांच्या थडग्यावरचं वाचता येईना. आपलं मोडीचं तेच झालं की. पण पाहुण्याला कॉफी कशी द्यायची ते काही गेलं नाही. राज्य मोडायला एक कायदा पुरतो. रीत कोण मोडणार?"

आणि ह्या रिती ते नुसत्या सांगत नसत, घरी चालू करत. तिकडे म्हणे जुन्या काळापासून पाहुण्यापुढे कॉफीबरोबर पाण्याचा पेला ठेवतात. पाहुण्यानं आधी कॉफीला हात घातला तर त्याचं पोट भरलेलं आहे, आधी पाणी उचललं तर तो भुकेला आहे, म्हणजे काही न विचारता पान वाढायचं. विचारून पाहुण्याला लाजवायचं नाही. खरं-खोटं तिथलेच जाणोत, पण सरांना ही रीत इतकी आवडली की त्यांनी घरी लागू केली. आता भवानीनगरात उन्हाळ्यात बाहेरून आलेला माणूस आधी काय उचलणार? पोस्टमन आला, पाणी प्याला, जेवूनच गेला. मीटर बघायला आलेला वायरमन जेवला. एक विमा एजंट तर लागोपाठ चार दिवस जेवला.

"तुमच्या तुर्कांकडं ऊन पडत न्हाय का?" काकूंनी शेवटी भाकरी थापता थापता विचारलं. तेव्हापासून मार्च ते जून ती रीत स्थगित झाली.

सरांची एकच इच्छा होती. इस्तंबूलला जायची नव्हे, ते जमणार नाही हे त्यांनी कधीच मान्य केलं होतं. दर रविवारी त्या रेडिओवर श्रोत्यांची पत्रं वाचत. त्यात आपलं एक पत्र वाचलं जावं, एवढंच. "मी इतकी वर्षं त्यांचं ऐकतोय," ते म्हणाले, "त्यांनी एकदा माझं ऐकावं." हे ते इतक्या साधेपणानं म्हणाले की मला गलबलून आलं. किती पत्रं पाठवली ह्याची मोजदाद त्यांनीही ठेवली नव्हती. उत्तरादाखल कॅलेंडरं यायची, स्टिकर यायचे, निळ्या सामुद्रधुनीचं चित्र आलं होतं, ते देवघराशेजारी चिकटवलेलं होतं. पत्र मात्र कधी वाचलं गेलं नाही.

त्यांची पत्रं तपासायचं काम माझ्याकडे आलं तेव्हा का ते कळलं. प्रत्येक पत्र 'आदरणीय महोदय' अशी सुरुवात करून पुढे आठ पानं चालायचं, आणि त्यात गेल्या आठवड्याच्या कार्यक्रमातल्या चुका असायच्या. अमुक वजीर अमुक साली नव्हता, तमुक तह तिथे झाला नाही. मी म्हटलं, "सर, लोक चुका काढणाऱ्याचं पत्र माइकवर वाचत नाहीत. छोटं लिहा, आपल्याकडचं काही लिहा."

"आपल्याकडचं त्यांना काय?" सर म्हणाले आणि हात हवेतच राहिला.

तेव्हा माझ्या लग्नाचं बघत होते. आमचे आबा, म्हणजे माझे वडील, लहानपणी आजोबांच्या बोटाला धरून छप्पन साली नागपूरला दीक्षेला गेलेले. स्वतः पाचवीपर्यंत शिकले, पण मला बी.ए., बी.एड. केलं. सरांशी त्यांची चांगली गट्टी जमली होती. सरांनी त्यांना एकदा सांगितलं, की तुर्कस्तानात नवं राज्य आल्यावर कायद्यानं सगळ्यांना आडनाव घ्यायला लावलं, तोवर बहुतेकांना आडनावच नव्हतं. आबा ऐकून म्हणाले, "त्यास्नी लावलं. आमी आपनहून बदललो, सर. फरक हाय त्यात." सर दोन दिवस ते वाक्य स्टाफरूममध्ये सगळ्यांना सांगत होते.

तीन स्थळं येऊन गेली होती. तिघांनाही शिकलेली मुलगी हवी होती आणि तिघांनाही तिची नोकरी नको होती. तिसऱ्यानं तर आमच्या घरात, सगळ्यांदेखत, हातून पाणी सांडलं म्हणून स्वतःच्या बहिणीला झापलं होतं. मला त्या दिवसापासून एकच धास्ती होती. मनाविरुद्ध काही झालं तर हा माणूस काय करेल, हे आधी कळायचं कसं?

नेमकं त्याच आठवड्यात सरांनी रेडिओवरची नवी रीत सांगितली. तिकडे मागणी घालायला मुलाकडचे येतात तेव्हा मुलगी सगळ्यांना कॉफी देते आणि मुलाच्या कपात साखरेऐवजी मीठ घालते. सगळ्यांचं लक्ष त्याच्या तोंडाकडे. तोंड वाकडं न करता कप संपवला तर तो संसारातलं बरंवाईट गिळू शकेल असं धरतात. "आपल्याकडे परीक्षा मुलीची," सर हसून म्हणाले, "तिकडे मुलाची." सगळी स्टाफरूम हसली. मी हसले नाही.

चौथं स्थळ लोणी भापकरचं. मुलगा कारखान्याच्या प्रयोगशाळेत होता. आबांनी आमच्या बाजूनं वडीलधारे म्हणून सरांना बोलावलं होतं. ओसरीवर आबा, मुलगा, त्याची आई, त्याचे मामा, आणि मुलाला लागून आमचे सर. मी आत चहा केला, पाच कप भरले आणि मुलाच्या कपात चमचाभर मीठ घालून ढवळलं. कप ओळखू यावा म्हणून कानाचा टवका उडालेला घेतला होता.

बाहेर जाऊन तोच कप मी मुलापुढे केला. त्यानं दोन्ही हातांनी घेतला आणि तसाच शेजारी वळवला. "सर, घ्या."

तुर्कस्तानची अख्खी रीत मी उचलली होती आणि शेळगावची विसरले होते. शेजारी वडील माणूस बसलेला असताना आपल्याकडचा कुठला मुलगा पहिला कप तोंडाला लावेल?

सरांनी घोट घेतला. काकूंनी रक्तदाबासाठी त्यांचं मीठ वर्षभर तोडलं होतं, त्या सगळ्याची भरपाई त्या एका घोटात झाली असणार. चेहऱ्यावरची रेघ हलली नाही. एकदाच त्यांनी डोळे वर करून माझ्याकडे पाहिलं. मग शांतपणे अर्धा चहा बशीत ओतला आणि बशी मुलापुढे धरली. "घ्या, अर्धा-अर्धा. शेजाऱ्याला सोडून एकट्यानं प्यायची आमच्याकडे पद्धत नाही."

मुलानं बशी तोंडाला लावली. थांबला. बशीत पाहिलं, मग सरांकडे पाहिलं. सर उरलेला चहा अमृत असल्यासारखा पीत होते. मग त्यानं माझ्याकडे पाहिलं, आणि सगळी बशी एका दमात संपवली. ओठ पुसले आणि म्हणाला, "चहा बेस झालाय." त्याच्या आईनं मान वळवून त्याच्याकडे रोखून पाहिलं. का, ते मला तेव्हा कळलं नाही.

मामांनी नोकरीचा विषय काढला. मुलगाच मध्ये बोलला, "चांगली नोकरी हाय, सोडायची कशाला?"

निघताना सर माझ्या कानाशी पुटपुटले, "मुलगा पास. पण पुढच्या वेळी कॉफी करा, चहात मीठ फार लागतं." पुढची वेळ आलीच नाही. महिन्याभरात लग्न झालं.

लग्नानंतर तिसऱ्याच दिवशी मी ह्यांच्यापाशी कबुली दिली. हे म्हणाले, "मला वाटलं शेळगावचं पानीच मचूळ हाय. उसाच्या पट्ट्यात विहिरी खारट होत्यातच." मला इतकं हसू आलं, आणि इतकं बरं वाटलं. फक्त एक गोष्ट मनाला लागून राहिली. हे चहा घेत नसत. विचारलं तर 'सवय न्हाय' म्हणत. मला वाटायचं, माझ्याच चहानं ह्यांचा चहा सुटला.

सरांना मी म्हटलं, हे लिहा तुमच्या रेडिओला. त्यांचे डोळे लकाकले, पण लगेच म्हणाले, "गोष्ट तुमची आहे. तुमची परवानगी असेल तरच." मी एकच अट घातली, माझ्या सासूबाईंना कळता कामा नये. बघायला आलेल्यांनी मुलगी पारखायची असते. उलट मुलीनंच त्यांच्या एकुलत्या एका मुलाला मीठ पाजून पारखलं, हे कळलं असतं तर त्यांनी काय म्हटलं असतं, ह्या विचारानंच मला घाम फुटायचा. सरांनी शब्द दिला. पत्र आठ पानी झालं. मी वजीर कापले, तह कापले, 'आदरणीय महोदय' खोडलं, आणि उरल्या बारा ओळी.

मग काहीच घडलं नाही. पावसाळा गेला, गाळपाचा हंगाम सुरू झाला. सासूबाई, मी त्यांना आत्या म्हणते, पहिल्यांदाच दहा दिवस आमच्याकडे भवानीनगरला राहायला आल्या. एका रविवारी संध्याकाळी हे पाळीवर गेलेले, म्हणून मी आत्यांना सरांकडे घेऊन गेले. काकू आणि आत्या अंगणात शेंगा सोलत बसल्या. रेडिओ खरखरत होता आणि सर नेहमीप्रमाणे वाक्यामागून वाक्य मराठीत सांगत होते. आत्यांना गंमत वाटत होती. "तिकडं बी पैलवान हायती म्हनं? अंगाला तेल लावून कुस्त्या?"

"लावतात ना. उस्मानी काळापासून. शब्दसुद्धा आपलाच, पेहलिवान."

आणि तेवढ्यात त्या निवेदिकेनं एक नाव घेतलं. मोडकंतोडकं, पण सरांचं. मग भवानीनगरचे तीन तुकडे केले आणि तिन्ही वाचले. सरांचा उजवा हात हवेत तसाच थांबला. पुढे ती जे वाचू लागली ती माझीच वाक्यं होती. भारतातल्या एका गावात एका मुलीनं चहात मीठ घातलं...

काकूंनी मान वर केली. "काय म्हनतीया? तुमचं नाव घेतलं का तिनं?"

सरांनी माझ्याकडे पाहिलं. मग आत्यांकडे. आयुष्यात एक ओळ न गाळलेला तो माणूस.

"माझं? छे," सर म्हणाले. "हवामान सांगतेय. इस्तंबूलला ऊन आहे."

रेडिओवर ती बाई हसत होती. म्हणत होती, आमच्याकडे मुलगा तो कप एकटा पितो, अर्धा वाटून घेणारा वडीलधारा आमच्या रितीत नाही, तो आम्ही तुमच्याकडून घ्यायला हवा. सर ऐकत होते. इतकी वर्षं ज्या क्षणाची वाट पाहिली तो समोर चालू होता आणि हा माणूस माझ्यासाठी त्याला ऊन म्हणत होता. मला ते सहन होईना.

"आत्या," मी म्हटलं, "हवामान नाही ते. सरांचं पत्र वाचताहेत. आणि त्यातला खारट चहा मी केला होता, तुम्ही मला बघायला आलात तेव्हा. ह्यांच्यासाठी."

शेंगा सोलणारे हात थांबले. आत्यांनी माझ्याकडे पाहिलं. मग पदर तोंडाला लावला आणि अशा हसल्या की मांडीवरच्या शेंगा अंगणभर झाल्या.

"म्हंजी खारट व्हता व्हय गं त्यो! अगं, माझं लेकरू जन्मात चहाला शिवलं न्हाय. ल्हानपनापासनं वासच सोसत न्हाय त्येला. त्या दिवशी बशी पुसून प्याला तवाच मी वळखलं, ह्येला पोरगी पसंत पडली म्हनून. म्या तर कवाच हो म्हनून मोकळी झाल्ती!"

काकूंचं लक्ष तिकडे नव्हतंच. त्या नवऱ्यावर उखडल्या होत्या. "येवढ्या वर्सांनी नाव घेतलं अन् तुमी मला ऊन सांगताय?" म्हणाल्या आणि डोळे पुसायला लागल्या. मीही रडत होते, का ते विचारू नका, फार छान वाटत होतं.

सरांनी रेडिओ बंद केला. डोळे भरलेले होते आणि ते लपवायचा त्यांनी काही प्रयत्न केला नाही. मग एकदम उठले, आतून कागद आणि दोन्ही पेनं घेऊन आले.

"ती दोन चमचे म्हणाली. एक होता ना?"

"एकच, सर."

"मग दुरुस्ती पाठवायला पाहिजे."

"अन् ह्ये बी लिवा," आत्या शेंगा गोळा करत म्हणाल्या, "की पोरगं चहा पीत न्हाय."

सरांनी ते लिहून घेतलं. पत्राची सुरुवात 'आदरणीय महोदय' अशीच झाली, मध्ये दोन वजीर आले, एक तह आला, आणि ते आठ पानांवर संपलं. सोमवारी ते माझ्याकडे तपासायला आलं. मी एक शब्दही कापला नाही.